सहा दिवस, पाच ठिकाणं आणि तीस सहप्रवासी : तुमचे प्रश्न

मागच्या अंकात आम्ही डोंगराळ भागातल्या छोट्या ग्रुप टूरबद्दल प्रश्न मागवले होते. पत्रं भरपूर आली, त्यातले एकसारखे प्रश्न एकत्र केलेत आणि काही पत्रं जागेसाठी कापलीत, तेवढं समजून घ्या.

ताई, पाच रात्री सहा दिवसांची एक टूर बघितली, तिच्यात पाच ठिकाणं आहेत. दुसऱ्या कंपनीच्या तेवढ्याच दिवसांत फक्त दोन. रेट जवळपास सारखाच. मिस्टर म्हणतात पाचवाली घेऊ, पैसे वसूल होतील. तुमचं काय मत?

दोनवाली घ्या. मिस्टरांना सांगा की वसूल करायचंच असेल तर ठिकाणं नका मोजू, तास मोजा.

आधी दिवसच नीट मोजू. पहिला दिवस पोचण्यात जातो, शेवटचा निघण्यात, म्हणजे सहातले हातात राहिले चार. पाच ठिकाणं म्हणजे पाच रात्री पाच हॉटेलं, म्हणजे रोज सकाळी बॅगा बाहेर काढा, चेकआउट, बस, संध्याकाळी परत चेकइन, परत बॅग उघडा. आणि मधला रस्ता डोंगरातला. नकाशावर दीडशे किलोमीटर दिसतात आणि आपण सपाटीवरच्या सवयीने म्हणतो तीन तासांत पोचू, पण घाटात बसचा सरासरी वेग ताशी पंचवीस-तीसच्या वर क्वचितच जातो, त्यामुळे त्याचे पाच-सहा तास होतात. त्यात तीस माणसं. दहा मिनिटांचा टॉयलेट स्टॉप तीस माणसांना कधीच दहा मिनिटांत होत नाही, कोणीतरी चहाला थांबतं, कोणीतरी फोटोला, आणि कोणीतरी बसमध्ये बसल्यावर म्हणतं की मी पण जाऊन येते.

मग प्रोग्रामचा कागद घेऊन बसा आणि त्यातली क्रियापदं बघा. 'भेट देऊ' म्हणजे उतरून आत जाणार. 'फोटो स्टॉप' म्हणजे पंधरा मिनिटं उतरणार आणि परत चढणार. 'पॅनोरमिक ड्राइव्ह' किंवा 'पाहत पाहत पुढे जाऊ' म्हणजे खिडकीतून, आणि खिडकी दरीच्या बाजूची मिळाली तर. 'ऑप्शनल' म्हणजे पैसे वेगळे. 'वेळ मिळाल्यास' म्हणजे नाही, हे मी अगदी खात्रीने सांगते. हॉटेलच्या नावापुढे 'किंवा तत्सम' असेल तर ते हॉटेल मिळेलच असं नाही, आणि डोंगरात तत्सम हॉटेल गावापासून बारा किलोमीटर लांब असू शकतं, म्हणजे संध्याकाळी पाय मोकळे करायला बाहेर पडलात तर समोर नुसता हायवे. बुकिंगच्या आधी फोन करून विचारा की हॉटेल गावात की गावाबाहेर, आणि रोज बसमध्ये नेमके किती तास. ऑफिसातला माणूस दुसऱ्या प्रश्नाला अडखळला तर काय ते कळलंच.

एका ठिकाणी दोन रात्री असल्या की एक अख्खी सकाळ मिळते जिच्यात कुठेच जायचं नसतं, किंवा जिथे जायचं तिथे बॅगेशिवाय जायचं असतं. छोट्या टूरमध्ये खरी चैन हीच. आणि ढगांचा, उंचीचा प्रश्नही याच्याशीच जोडलाय, ते खाली येईलच.

आईचं वय ६८, बीपीची गोळी चालू आहे, बाकी तब्येत ठणठणीत. टूरमध्ये साडेतीन हजार मीटरवर मुक्काम आहे असं दिसतंय. तिला न्यावं का? आणि मी स्वतः रोज जिमला जातो त्यामुळे मला काही होणार नाही ना?

तुमच्या दुसऱ्या प्रश्नाने मला आईपेक्षा तुमचीच जास्त काळजी वाटायला लागलीय.

उंचीचा त्रास फिटनेस बघून येत नाही. उलट फिट माणसं पोचल्या पोचल्या धावपळ करतात, समोरच्या टेकडीवर चढून येतात आणि रात्री डोकं धरून बसतात. वय जास्त म्हणून त्रास जास्त असंही नाही. कुणाला होईल याचा सगळ्यात चांगला अंदाज एकाच गोष्टीवरून येतो, आधी कधी उंचावर गेल्यावर त्रास झाला होता का.

होतं काय तर हवेत ऑक्सिजनचं प्रमाण वर-खाली सगळीकडे तेच असतं, साधारण २१ टक्के, पण हवेचा दाब कमी होतो. साडेतीन हजार मीटरवर दाब समुद्रसपाटीच्या दोन तृतीयांशापेक्षाही थोडा कमी असतो, साडेपाच हजारावर निम्मा. म्हणजे प्रत्येक श्वासात ऑक्सिजन तेवढा कमी. शरीर याच्याशी जुळवून घेतं, पण त्याला वेळ लागतो आणि छोट्या टूरमध्ये नेमका वेळच नसतो. साधारण अडीच हजार मीटरच्या वर मुक्काम असेल तर याचा विचार करायचा, त्याच्या खाली फारशी काळजी नाही.

आता प्रोग्राममध्ये प्रत्येक रात्रीच्या मुक्कामाची उंची लिहून काढा. दिवसा कुठपर्यंत जातो यापेक्षा झोपतो कुठे हे जास्त महत्त्वाचं. स्वित्झर्लंडमधल्या युंगफ्राउयोखचं रेल्वे स्टेशन ३४५४ मीटरवर आहे, पण तिथे लोक दोन-तीन तास थांबून खाली झोपायला येतात, त्यामुळे बहुतेकांना फार तर जरा गरगरतं, पायऱ्या चढताना दम लागतो. लेह साधारण ३५०० मीटरवर, पेरूमधलं कुस्को ३४०० च्या आसपास, तिथे विमानातून उतरता आणि त्याच रात्री तिथेच झोपता, म्हणजे शरीराला काहीच सूचना नाही. बहुतेकदा त्रास पोचल्यावर सहा ते बारा तासांनी सुरू होतो म्हणून दुपारी लोक म्हणतात 'मला तर काहीच होत नाहीये' आणि पहाटे दोनला टूर मॅनेजरचं दार वाजतं. डॉक्टरांचा साधारण नियम असा की तीन हजारांच्या वर गेल्यावर झोपण्याची जागा एका रात्रीत पाचशे मीटरपेक्षा जास्त वाढवू नये आणि तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर थांबावं. तुमच्या टूरमध्ये पोचल्याच्या दुसऱ्याच दिवशी आणखी हजार मीटर वर मुक्काम असेल तर मी ती टूर घेणार नाही, आईसाठी नाही आणि तुमच्यासाठीही नाही. पहिला दिवस पूर्ण आराम असा लिहिलेला असेल तर ती कंपनी जाणकार समजा, आणि त्या दिवशी खरंच आराम करा, 'दिवस फुकट गेला' म्हणून मॅनेजरशी भांडू नका.

आईंना घेऊन आधी त्यांच्या डॉक्टरांकडे जा. बीपी आटोक्यात असेल तर बहुतेक डॉक्टर जाऊ देतात पण उंचावर पहिले काही दिवस बीपी थोडं वाढू शकतं म्हणून गोळ्या चुकवायच्या नाहीत, मोजायचं मशीन बरोबर असलेलं बरं. अॅसिटाझोलामाइड नावाची गोळी जुळवून घ्यायला मदत करते, ती साधारण वर जायच्या आदल्या दिवशी सुरू करतात, पण घ्यायची की नाही आणि किती ते डॉक्टर सांगतील, आणि सल्फाच्या औषधांची अॅलर्जी असेल तर ते त्यांना आधी सांगाच. पहिल्या रात्री दारू नाही, झोपेची गोळी नाही.

डोकं दुखतंय, मळमळतंय, जेवण नको वाटतंय, हे झालं की आणखी वर जायचं नाही, तिथेच थांबायचं. सरळ रेषेत टाचेला पंजा लावून चालता येत नाहीये, बोलणं असंबद्ध होतंय, किंवा नुसतं बसलेलं असतानाही दम लागतोय, खोकला येतोय, तर हे गंभीर आहे आणि ताबडतोब खाली उतरायचं, सकाळची वाट न बघता. ऑक्सिजन, औषधं सगळं आहे पण खाली उतरणं हाच खरा उपाय. आणि ग्रुप टूरचा मोठा धोका इथेच आहे बरं का, लोक सांगतच नाहीत. आपल्यामुळे तीस जणांचा दिवस बिघडेल म्हणून आई-बाबा मंडळी गप्प बसतात. तुम्ही आईंना आधीच सांगून ठेवा की डोकं दुखलं तर मला लगेच सांगायचं. मॅनेजरला सुद्धा बुकिंगच्या वेळीच विचारा की कुणाला खाली न्यावं लागलं तर वेगळी गाडी कुठून येते आणि बरोबर कोण जातं. तुमच्या विम्यात किती उंचीपर्यंत कव्हर आहे तेही वाचा, बऱ्याच पॉलिसीत उंचीची मर्यादा असते आणि ती बारीक अक्षरात असते.

ग्रुप टूरने चाललोय म्हटलं की मुलगा आणि त्याचे मित्र हसतात. म्हणतात झेंड्यामागे चालायचं याला काय प्रवास म्हणतात का! काय उत्तर देऊ?

उत्तर द्यायलाच पाहिजे असं नाही, पण देणार असाल तर हे सांगा. थॉमस कुक नावाच्या इंग्लंडमधल्या टूरवाल्याने गाइडेड टूर घेऊन लोकांना पहिल्यांदा स्वित्झर्लंडला नेलं ते १८६३ साली. त्या ग्रुपमध्ये जेमायमा मॉरेल नावाची यॉर्कशायरची एक तरुणी होती, तिने डायरी लिहिली म्हणून आपल्याला सगळं कळतं. त्या बायका लांब घेरदार झग्यांमध्ये हिमनदीवरून चालल्या, खेचरांवर बसल्या, रिगी डोंगरावर सूर्योदय बघायला गेल्या. मॅटरहॉर्न पहिल्यांदा सर झाला तो १८६५ मध्ये. म्हणजे त्या शिखरावर माणसाचं पाऊल पडायच्या दोन वर्षं आधी आल्प्समध्ये ग्रुप टूर पोचली होती!

बाकी मुलाचं म्हणणं अर्धं खरं आहे. ग्रुपमध्ये मनाला येईल तिथे थांबता येत नाही आणि डोंगरात थांबावंसं फार वाटतं. पण ज्याला वळणावळणाच्या रस्त्यावर गाडी चालवायची सवय नाही, भाषा येत नाही, रस्ता बंद झाला तर कुणाला फोन करायचा माहीत नाही, त्याच्यासाठी सगळं ठरवून देणारं कुणीतरी असणं ही फार मोठी सोय आहे, त्यात कसली लाज. फक्त एक करा, टूर मॅनेजर आणि लोकल गाइड हे दोन वेगळे लोक असतात हे लक्षात ठेवा. मॅनेजर म्हणजे खोल्या, बस, जेवण, वेळा. डोंगराबद्दल सांगू शकतो तो लोकल गाइड, त्याच्या जवळ चालत राहा आणि त्याला विचारत राहा, कारण बरेच लोक काहीच विचारत नाहीत आणि मग तो पाठ केलेलं बोलून मोकळा होतो.

मला घाट लागतो. लहानपणापासून. टूरला जावं की फोटोच बघावेत?

जा की! घाट लागतो कारण कान सांगतो हलतोय आणि डोळे, मोबाइलमध्ये किंवा पुढच्या सीटच्या पाठीवर असले तर, सांगतात स्थिर आहे, आणि मेंदूचा गोंधळ होतो. म्हणून डोळ्यांना पण हलणं दिसू द्यायचं. पुढची सीट, समोर लांबच्या वळणाकडे नजर, मोबाइल बॅगेत. गोळी डॉक्टरांना विचारून, आणि ती निघायच्या अर्धा-एक तास आधी घ्यायची, मळमळायला लागल्यावर घेऊन फारसा उपयोग नाही. झोप येते तिने, तेवढं धरून चाला. रिकाम्या पोटी बसू नका आणि ठासून खाऊनही नको.

मुख्य अडचण सीट रोटेशनची. बऱ्याच ग्रुप टूरमध्ये रोज सीट बदलतात, पुढचे मागे, मागचे पुढे. तुम्ही बुकिंगच्या वेळीच लेखी कळवा की मला घाट लागतो, पुढची सीट हवी. बसमध्ये चढल्यावर मागितली तर ते भांडण होतं, आधी कळवलं तर ती व्यवस्था होते.

नवरा गेल्यापासून एकटीनेच फिरायचं ठरवलंय. पण एकटीला जास्त पैसे का लावतात? आणि अनोळखी बाईबरोबर खोली शेअर करावी का?

खूप बरं वाटलं तुमचं पत्र वाचून. पॅकेजचा दर दोघांनी एक खोली घ्यायची हे धरून काढलेला असतो. एकटीने अख्खी खोली घेतली की दुसऱ्याच्या वाट्याचे खोलीचे पैसे तुमच्यावर येतात, त्याला सिंगल सप्लिमेंट म्हणतात. काही कंपन्या दुसरी एकटी प्रवासी मिळाली तर जोडी लावून देतात. मिळाली नाही तर तो जादा खर्च कोणी करायचा, कंपनीने की तुम्ही, हे आधी विचारा, नाहीतर निघायच्या आठवडाभर आधी फोन येतो.

शेअर करायचं तर माझं म्हणणं, छोट्या टूरला करा. पाच रात्रींत कुणाचं घोरणं सहन होतं. पण तुम्हाला रात्री दिवा लावून वाचायची सवय असेल, पहाटे चारला उठून आवरायची सवय असेल तर पैसे भरा आणि शांत राहा. आणि एक सुचवू का, पूर्ण ग्रुपमध्ये किती जोडपी, किती कुटुंबं आणि किती एकटे आहेत ते विचारून घ्या. एकाच मोठ्या कुटुंबाने निम्मी बस भरलेली असली तर बाकीच्यांना पाहुण्यासारखं वाटतं.

मागच्या वर्षी चार दिवस धुक्यात घालवले. शिखर दिसलंच नाही. पैसे परत मिळतात का हो?

नाही हो. शिखर दिसेल असं कुठलीच कंपनी लिहून देत नाही आणि देऊही शकत नाही. केबल कार वाऱ्यामुळे बंद राहिली तर तिच्या तिकिटाचे पैसे मिळतात का हे मात्र विचारण्यासारखं आहे, ते अटींमध्ये असतं.

पण दिसण्याची शक्यता वाढवता येते. डोंगरात बऱ्याचदा सकाळी आकाश मोकळं असतं. ऊन चढतं तसे उतार तापतात, गरम हवा वर सरकते, वर जाऊन थंड होते आणि तिच्यातल्या वाफेचे ढग होतात, म्हणून दुपारी शिखरं झाकली जातात आणि उन्हाळ्याच्या दिवसांत दुपारनंतर गडगडाटही होतो. तेव्हा व्ह्यूपॉइंट दुपारी तीनला ठेवलेला प्रोग्राम बघितला की समजायचं, हा बसच्या सोयीने बनवलाय. सकाळी पाचच्या वेक-अप कॉलला शिव्या देणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं. आणि एकाच ठिकाणी दोन रात्री असल्या तर दोन सकाळी मिळतात, पहिली ढगात गेली तरी दुसरी हातात असते. पाच ठिकाणांच्या टूरला प्रत्येक शिखराची एकच सकाळ, गेली की गेली. बऱ्याच मोठ्या केबल कार स्टेशनांचे लाइव्ह कॅमेरे असतात, मॅनेजर तो कॅमेरा बघून दोन दिवसांचा कार्यक्रम उलटा करायला तयार असतो का, हे विचारा. चांगले मॅनेजर करतात.

कपडे किती घेऊ? सामान एकच बॅग म्हणतायत.

एक जाडजूड कोट घेण्यापेक्षा पातळ पातळ तीन थर घ्या, आतला घाम सुकवणारा, मधला उबदार, वरचा वारा-पाऊस अडवणारा. हजार मीटर वर गेलं की तापमान साधारण साडेसहा डिग्रीने उतरतं, म्हणजे खाली हॉटेलात २० असेल तर दोन हजार मीटर वरच्या पॉइंटला सातच्या आसपास, वारा वेगळा. बसमध्ये परत उकडतं. म्हणून काढता-घालता आलं पाहिजे. आत सुती बनियन नको, घामाने ओला झाला की अंगावर गार पडतो.

ऊन विसरू नका. थंडी असते म्हणून लोक सनस्क्रीन लावत नाहीत, पण हजार मीटरमागे अतिनील किरणं साधारण दहा टक्क्यांनी वाढतात, आणि ताजा बर्फ तर त्यातली ८० टक्क्यांपर्यंत परत फेकतो, म्हणजे खालूनही. हनुवटीखाली, नाकाखाली लावा. गॉगल चांगला घ्या, फॅशनचा नको. नवीन बूट टूरच्या दिवशी पहिल्यांदा घालू नका. थंडीत मोबाइलची बॅटरी पटकन उतरते, आतल्या खिशात ठेवा. रोजची औषधं हातातल्या बॅगेत, मोठी बॅग बसच्या पोटात जाते आणि संध्याकाळपर्यंत मिळत नाही.

चार वर्षांची मुलगी आहे. ग्रुपमधले लोक वैतागतील का?

काही वैतागतील. त्यापेक्षा ती वैतागेल त्याचं बघा. रोज तीन-चार तासांपेक्षा जास्त बस असेल तर नकोच. फार उंचावरचा मुक्काम एवढ्या लहान मुलांना टाळलेलाच बरा कारण डोकं दुखतंय हे त्यांना नीट सांगता येत नाही, नुसती किरकिर करतात आणि आपण म्हणतो दमली असेल. उतरताना कानांना दडे बसले की रडेल, तेव्हा काहीतरी चघळायला द्या, गिळलं की कान मोकळे होतात.

पूर्ण पैसे आत्ताच भरले तर डिस्काउंट देतायत. भरू का?

टूर कधी आहे त्यावर आहे. सहा महिने लांब असेल तर मी थोडा अॅडव्हान्स भरेन आणि डिस्काउंट सोडून देईन. वर ज्या थॉमस कुकचं कौतुक केलं त्याच नावाची ब्रिटिश कंपनी सप्टेंबर २०१९ मध्ये एका रात्रीत बंद पडली आणि बाहेरदेशी अडकलेल्या साधारण दीड लाख ब्रिटिश प्रवाशांना घरी आणायला तिथल्या सरकारी यंत्रणेला विमानं पाठवावी लागली. तिथे प्रवाशांच्या पैशांना संरक्षण देणारी योजना होती म्हणून निभावलं. तुमच्या कंपनीकडे असं काही आहे का, किमान माणसं जमली नाहीत तर टूर रद्द करतात का, केली तर पूर्ण पैसे रोख परत देतात की पुढच्या टूरचं कूपन हातात ठेवतात, आणि हे किती दिवस आधी कळवतात, हे सगळं ईमेलवर मागा. फोनवर सगळे हो म्हणतात. रद्द करायच्या अटींचा तक्ता मिळाल्याशिवाय पैसे ट्रान्सफर करू नका, आणि तो मागितल्यावर 'मॅडम आमच्यावर विश्वास नाही का' असं उत्तर आलं तर दुसरी कंपनी बघा.